माइनक्राफ्ट मित्रांसोबत: एका घरातून आणि दोन टोकांवरून

आधी सगळ्यांची आवृत्ती तपासा. जावा एडिशनमध्ये (माइनक्राफ्टची कॉम्प्युटरवरची एक आवृत्ती) १.२१.१ आणि १.२१.४ एकमेकांना जोडत नाहीत.

कोथरूडच्या एकाच फ्लॅटमध्ये चौघे बसला असाल तर सर्व्हर कशाला? एकाने जग उघडून एस्केप दाबावं, 'ओपन टू लॅन' (म्हणजे घरच्या नेटवर्कला जग खुलं करणं) निवडावं. चॅटमध्ये पाच आकडी पोर्ट, म्हणजे जोडणीच्या दाराचा क्रमांक, दिसतो. बाकीच्यांना मल्टिप्लेअरच्या यादीत जग दिसलं नाही, तर डायरेक्ट कनेक्शनमध्ये १९२.१६८.१.५:५४३२१ असं, म्हणजे यजमानाचा आयपी (त्याच्या कॉम्प्युटरचा नेटवर्कवरचा पत्ता), कोलन (:) आणि पोर्ट टाका. तरीही जमेना? बहुतेक वेळा कुणीतरी गेस्ट वायफायवर असतं, नाहीतर विंडोजची फायरवॉल जावाला अडवते.

एक हडपसरला, दुसरा निगडीला असेल तर खरी कसोटी. एकाने आपल्या कॉम्प्युटरवर सर्व्हर चालवावा आणि राउटरवर २५५६५ टीसीपी पोर्ट त्या कॉम्प्युटरकडे फॉरवर्ड करावा, म्हणजे बाहेरून येणारी जोडणी तिकडे वळवावी. राउटरचा वॅन आयपी (इंटरनेटच्या बाजूचा पत्ता) १००.६४ ते १००.१२७ ने सुरू होत असेल तर तुम्ही सीजीनॅटमागे आहात, म्हणजे इंटरनेट कंपनीने एकच पत्ता अनेक ग्राहकांत वाटला आहे. कितीही फॉरवर्ड करा, बाहेरून कुणी येणार नाही. अशा वेळी सरळ रिअल्म्स (माइनक्राफ्टचीच सशुल्क सर्व्हर सेवा) किंवा भाड्याचा सर्व्हर घ्या. स्वतःचा सर्व्हर चालवत असाल तर व्हाइटलिस्ट (फक्त यादीतल्यांनाच प्रवेश) चालू ठेवाच, आणि खेळ अडखळला तर व्ह्यू-डिस्टन्स, म्हणजे किती दूरपर्यंतचं जग दिसतं ते, १० वरून ६ करा.

लाइट गेली की जग बिघडू शकतं. सर्व्हर बंद करून वर्ल्ड फोल्डरची प्रत रोज काढा.