लाल बावट्याचा इतिहास लिहिताय? या चुका टाळा

मुंबईच्या डाव्या चळवळीवर मराठीत पुष्कळ लिहिलं जातं. मे दिनाचे विशेषांक निघतात, युनियनच्या स्मरणिका निघतात, एम.ए.चे प्रबंध होतात, कुणी आजोबांच्या आठवणी टिपून ठेवतं. या लिखाणातल्या बहुतेक चुका मतांच्या नसतात, त्या नावांच्या आणि सनांच्या असतात. पण एक सन चुकला की कोणी कोणाला संपावर नेलं आणि कोण कोणाच्या विरोधात उभं होतं, हे सगळंच उलटं होऊन बसतं. म्हणून मतं मांडायच्या आधी ही पडताळणी करा.

नाव सारखं, संघटना वेगळी

सर्वात जास्त घोळ इथे होतो. १९२७ साली मुंबईत निघाला तो कामगार-शेतकरी पक्ष. घाटे, मिरजकर, जोगळेकर, निंबकर ही त्यातली माणसं आणि ‘क्रांती’ हे त्यांचं मराठी साप्ताहिक. केशवराव जेधे, शंकरराव मोरे यांचा शेतकरी कामगार पक्ष काँग्रेसमधून बाहेर पडून स्वातंत्र्याच्या सुमारास उभा राहिला. त्याची मुळं ग्रामीण बहुजन समाजात होती. दोन पक्षांत वीस वर्षांचं अंतर आहे, तरी नावातले शब्द मागेपुढे झाले की लेखक दोन्ही एकच समजतात आणि जेध्यांना मुंबईच्या गिरणी कामगारांच्या १९२८च्या संपात नेऊन बसवतात.

युनियनचंही तसंच. गिरणी कामगार महामंडळ १९२३चं, ना. म. जोशींची बॉम्बे टेक्स्टाइल लेबर युनियन १९२६ची, गिरणी कामगार युनियन १९२८ची. पहिलीत आळवे-कासले यांच्यासारखे गिरणीतून आलेले पुढारी होते, दुसरी नेमस्त वळणाची होती, तिसरी लाल बावट्याची, म्हणजे कम्युनिस्टांची. आयटक (ऑल इंडिया ट्रेड युनियन काँग्रेस, देशातल्या युनियनांची मध्यवर्ती संघटना) मुंबईत ३१ ऑक्टोबर १९२० रोजी स्थापन झाली, तेव्हा अध्यक्ष होते लाला लजपतराय. तिला जन्मापासून कम्युनिस्ट संघटना म्हणणं चूक आहे. आणि नारायण मेघाजी लोखंडे हे सत्यशोधक होते, ‘दीनबंधू’चे संपादक होते. १८९०च्या साप्ताहिक सुट्टीचं श्रेय त्यांना जरूर द्या, पण त्यांच्या हातात लाल बावटा देऊ नका.

उपाय साधा आहे. प्रत्येक संघटनेचं एक कार्ड करा आणि त्यावर पाच गोष्टी लिहा: स्थापनेची तारीख, नोंदणीची तारीख, मुखपत्र, पदाधिकारी आणि फूट कधी पडली ते. लेखात नाव आलं की कार्डावरचा सन बघा. माकप, म्हणजे मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्ष, १९६४च्या फुटीतून निघाला. त्याच्या आधीच्या कोणालाही ‘माकपचा’ म्हटलंय असं दिसलं, तर तिथेच थांबून दुरुस्त करा.

पक्षाचा वाढदिवस एकच धरणं

‘भारतीय कम्युनिस्ट पक्षाची स्थापना’ असं लिहून पुढे एक तारीख टाकली की काम भागत नाही. १७ ऑक्टोबर १९२० रोजी ताश्कंदमध्ये एम. एन. रॉय आणि इतर मिळून सात जणांनी पक्ष स्थापला. ही तारीख माकप मानतो. डिसेंबर १९२५मध्ये कानपूरला सिंगारवेलू चेट्टियार यांच्या अध्यक्षतेखाली परिषद झाली. ती तारीख भाकप (भारतीय कम्युनिस्ट पक्ष) मानतो. कोणतीही एक तारीख गुपचूप निवडली, तर तुम्ही नकळत एका पक्षाची बाजू घेतलेली असते. दोन्ही द्या आणि कोणती कोण मानतं तेही लिहा.

१९२८चा संप युनियनने ‘पुकारला’ असं लिहिणं

या एका वाक्यामुळे संपाचा सगळा अर्थ हरवतो. संप पेटला एप्रिल १९२८मध्ये, गिरणीमागून गिरणी. २६ एप्रिलपर्यंत जवळजवळ सगळा धंदा बंद पडला होता. गिरणी कामगार युनियनची नोंदणी झाली मे महिन्याच्या उत्तरार्धात, म्हणजे संप चालू असताना. आधी संप, मग युनियन. वर्षअखेरीस तिची सभासदसंख्या पन्नास हजारांच्या वर गेली, ती या सहा महिन्यांच्या लढ्यामुळे. सुमारे दीड लाख कामगार बाहेर होते आणि ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात, सरकारी फॉसेट समितीच्या चौकशीच्या अटीवर, ते कामावर परतले.

मग संप पेटला कशामुळे? ‘पिळवणुकीमुळे’ असं लिहून सोडून देऊ नका, कारण पिळवणूक १९२७मध्येही होतीच. मालकांनी कामाची नवी पद्धत आणली होती. साचेवाल्याने दोनऐवजी तीन साचे चालवायचे, त्रासनात एकेका माणसाने पूर्वीच्या दुप्पट चात्या (सूत गुंडाळणारे फिरते दांडे) सांभाळायच्या. म्हणजे काहींना थोडा जास्त पगार मिळणार आणि उरलेल्यांना कामच राहणार नाही. साचा म्हणजे माग आणि त्रासन म्हणजे सूत कातायचं रिंग खातं, हे वाचकाला एकदा सांगून टाका. मग तीन साच्यांचं प्रकरण घरातल्या माणसाला पटकन कळतं.

आणखी एक: जोशींच्या नेमस्त युनियनला या संपातून वगळू नका. संयुक्त संप समितीत दोन्ही बाजूंची माणसं होती, सतरा मागण्यांची यादी एकत्र मांडली गेली. पुढच्या वर्षीचा संप मात्र वेगळा. २० मार्च १९२९ रोजी मीरत खटल्यासाठी (कम्युनिस्ट आणि कामगार पुढाऱ्यांवरचा ब्रिटिश सरकारचा कटाचा खटला) ३१ जणांना देशभरातून पकडलं, त्यात मुंबईच्या युनियनची पहिली फळी गेली आणि महिन्याभरात सुरू झालेला १९२९चा संप त्या फळीविना चालून फसला. दोन्ही संप ‘१९२८-२९चा ऐतिहासिक संप’ असे एकत्र बांधले, तर पहिल्याचं यश आणि दुसऱ्याचं अपयश दोन्ही दिसेनासं होतं.

मीरतच्या आकड्यांतही जपून. अटक झालेले ३१, नंतर पकडून आणलेले हचिन्सन, खटला चालू असतानाच वारलेले ठेंगडी, जानेवारी १९३३मध्ये शिक्षा झालेले २७. हे आकडे वेगवेगळ्या टप्प्यांचे आहेत. आकड्याशेजारी टप्पा लिहा. आणि सगळे आरोपी पक्षाचे सभासद होते असं समजू नका.

खातं न विचारणं

‘गिरणी कामगार’ असा एकच माणूस नव्हता. साचेखात्यात पगार चांगला होता आणि तिथेच दलितांना मज्जाव होता. कारण यंत्रातच होतं. धोटा म्हणजे मागावर आडवं सूत नेणारं साधन, कांडी म्हणजे त्यातली सुताची गुंडाळी. धोट्यातली कांडी संपली की नवी कांडी बसवायची आणि तिचं सूत धोट्याच्या बारीक भोकातून तोंडाने ओढून बाहेर काढायचं. एकच धोटा अनेकांच्या ओठांना लागायचा. सवर्ण साचेवाल्यांनी तिथे विटाळ मानला आणि दलित कामगार कमी पगाराच्या त्रासनात अडकले. डॉ. आंबेडकरांनी १९२८च्या संपात हा प्रश्न लावून धरला, तेव्हा संपाच्या पुढाऱ्यांनी तो नाइलाजाने मागण्यांत घेतला.

हे वगळून लिहिलेला वर्गलढ्याचा इतिहास अर्धा आहे, असं आमचं स्पष्ट मत आहे. पण याच्या उलटी चूकही तितकीच होते: ‘आंबेडकर आणि कम्युनिस्ट कायमचे वैरी’. १९२९च्या संपाला आंबेडकरांनी विरोध केला, हे खरं. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी, खेर मंत्रिमंडळाच्या औद्योगिक कलह विधेयकाविरुद्ध, आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट यांनी मिळून एक दिवसाचा संप केला, हेही खरं. संबंध सनागणिक बदलत गेले. तेव्हा नात्याला विशेषण लावण्यापूर्वी सन लावा.

समाजवादी आणि कम्युनिस्ट एकाच टोपलीत

नाशिकच्या तुरुंगात १९३२-३३च्या सुमारास जयप्रकाश, अच्युतराव पटवर्धन, मसानी, अशोक मेहता, एस. एम. जोशी, ना. ग. गोरे यांची चर्चा झाली आणि १९३४मध्ये काँग्रेस समाजवादी पक्ष निघाला. त्याच वर्षी कम्युनिस्ट पक्षावर बंदी आली. बंदीच्या काळात अनेक कम्युनिस्ट समाजवादी पक्षात होते, १९४०मध्ये त्यांना काढलं. म्हणून १९३४ ते १९४०मधल्या माणसाचा पक्ष नुसत्या सभासदत्वावरून ठरवता येत नाही. १९४२ला मात्र रस्ते साफ फुटले. समाजवादी भूमिगत होऊन ‘चले जाव’मध्ये उतरले, तर बंदी उठलेल्या कम्युनिस्ट पक्षाने लोकयुद्धाची, म्हणजे महायुद्धात ब्रिटिशांच्या बाजूला पाठिंब्याची, भूमिका घेतली. ‘डाव्यांनी १९४२ला विरोध केला’ हे वाक्य म्हणूनच चूक आहे. क्रांतिसिंह नाना पाटलांचं तर पत्री सरकार, शेकाप (शेतकरी कामगार पक्ष) आणि कम्युनिस्ट पक्ष हे तीन टप्पे आहेत. शेवटच्या टप्प्याचा शिक्का पहिल्यावर मारू नका.

ऐकीव अवतरणं

‘मार्क्सने १८५७ला पहिलं स्वातंत्र्ययुद्ध म्हटलं’ हे वाक्य भाषणांत हमखास येतं. ते शीर्षक १९५९मध्ये मॉस्कोत निघालेल्या संग्रहाला संपादकांनी दिलेलं आहे. आतले लेख न्यूयॉर्कच्या एका दैनिकासाठी लिहिलेले आहेत आणि त्यांतले बरेच एंगेल्सचे आहेत. तसंच ‘लेनिनने टिळकांना समाजवादी म्हटलं’. १९०८च्या लेखात लेनिनने टिळकांना लोकशाहीवादी म्हटलं आहे आणि मुंबईच्या कामगारांनी त्यांच्या शिक्षेविरुद्ध केलेल्या संपाचं महत्त्व सांगितलं आहे. अवतरण छापण्याआधी मूळ लेख, त्याची तारीख आणि अवतरणाच्या आधीची-नंतरची दोन वाक्यं वाचा.

रशियन तारखांसाठी एक छोटी खूण: फेब्रुवारी १९१८पर्यंत तिथे जुनी दिनदर्शिका होती. विसाव्या शतकातल्या तारखेत १३ दिवस मिळवायचे, एकोणिसाव्या शतकातल्या तारखेत १२. म्हणून ऑक्टोबर क्रांती ७ नोव्हेंबरला येते.

पोलिसांचा कागद म्हणजे पुरावा, पण कसला?

महाराष्ट्र पुराभिलेखागारातल्या गृह खात्याच्या फायलींत कामगार पुढाऱ्यांची भाषणं सापडतात. ती मराठीत झाली, टिपणाऱ्याने टिपली, मग इंग्रजीत आली. तुम्ही ती पुन्हा मराठीत आणता तेव्हा मूळ शब्द हाती येत नाहीत. अशा मजकुराला अवतरणचिन्हं लावू नका, सारांश द्या. ‘लॉकआउट’ला संप लिहू नका. टाळेबंदी मालक करतो, संप कामगार करतात. कामगारसंख्या, पगार आणि गेलेले दिवस मुंबई सरकारच्या ‘लेबर गॅझेट’मध्ये महिन्यागणिक आहेत, ते आकडे फायलीतल्या आकड्यांशी ताडून बघा.

‘मोठा संप’ म्हणजे कोणता?

जुन्या माणसाची मुलाखत घेताना हा प्रश्न विसरला की टेप फुकट जाते. आज बोलणारे बहुतेक जण १८ जानेवारी १९८२ला सुरू झालेल्या, सुमारे अडीच लाख कामगारांच्या संपाबद्दल बोलत असतात. तो डॉ. दत्ता सामंतांचा होता, लाल बावट्याचा नव्हे. त्या वेळी कायद्याने मान्यताप्राप्त युनियन होती राष्ट्रीय मिल मजदूर संघ, कारण १९४६च्या औद्योगिक संबंध कायद्याने एका उद्योगात एकच प्रतिनिधी युनियन धरली जाई. तो पेच न सांगता १९८२ समजावताच येत नाही.

मुलाखतीत सन विचारू नका, तो आठवत नाही. गिरणी कोणती, खातं कोणतं, बदलीत (गैरहजर कामगाराच्या जागी) होता की कायम, पगार किती आणि कोणत्या तारखेला व्हायचा, त्या वेळी घरात कोण जन्मलं होतं, असं विचारा. बाईंना त्या स्वतः गिरणीत होत्या का, हे आधी विचारा. नाहीतर त्या दोन तास नवऱ्याचा संप सांगतील आणि वायंडिंगमधलं (सूत गुंडाळायच्या खात्यातलं) त्यांचं स्वतःचं काम तुमच्या वहीत यायचंच नाही.