अठरावी ओवी आणि सिनियरच्या नोट्स: सेमिनरीला निघालेल्या पोरापोरींसाठी

दर मे महिन्यात फोन येतात. कुणी दिग्रसकडचा असतो, कुणी घाटंजीचा, एखादी मुलगी चिखलीहून बोलते. प्रश्न तोच: "ताई, बी.डी. करायचं मनात आहे, झेपेल का?" बी.डी. म्हणजे बॅचलर ऑफ डिव्हिनिटी, ख्रिस्ती पाळक होण्यासाठी सेमिनरीत, म्हणजे धर्मशिक्षणाच्या कॉलेजात, घेतात ती पदवी. फोनवर दहा मिनिटांत जे सांगून होत नाही ते एकदा लिहून ठेवते. पाळकांचं शिफारसपत्र, चर्चचा कारभार पाहणाऱ्या पास्टोरेट कमिटीचा ठराव, बाप्तिस्म्याचा दाखला, प्रवेश परीक्षा, हे सगळं तुम्हाला माहीत आहे किंवा मंडळीत, म्हणजे आपल्या चर्चात, कुणीही सांगेल. त्यात मी शिरत नाही.

आधी कडू बोलते. तीन एकर कोरडवाहूला कंटाळून, पोलीस भरतीत दोनदा राहून, आता "निदान सेमिनरी तरी" म्हणून निघाला असाल तर जाऊ नका. पदवीनंतर चार वर्षं होस्टेलात काढायची, रात्रंदिवस इंग्रजी वाचायचं, आणि परत आल्यावर पाळकाचा पगार किती असतो ते तुमच्याच पाळकांच्या घरात डोकावून बघा. असे आलेले दोघं माझ्या वर्गात होते. दुसऱ्या वर्षाच्या दिवाळीला घरी गेले ते परतले नाहीत. शिक्षण सुटल्याचं दुःख मागे पडतं, पण देवाला दिलेला शब्द मोडला हे ओझं त्यांच्या मनावरून अजून उतरलेलं नाही. तेवढं ओझं कुणी उगाच उचलू नये.

कॉलेज कुणाशी संलग्न आहे ते लेखी विचारा. बहुतेक जुन्या मंडळ्या सेरामपूर कॉलेजच्या सिनेटची, म्हणजे तिथल्या पदव्या देणाऱ्या मंडळाची, पदवी मागतात. हे सेरामपूर बंगालमधलं, अहिल्यानगर जिल्ह्यातलं श्रीरामपूर नव्हे. कॅरी, मार्शमन आणि वॉर्ड या मिशनऱ्यांनी १८१८ मध्ये तिथे कॉलेज काढलं आणि १८२७ मध्ये डेन्मार्कच्या राजाने त्याला पदव्या देण्याची सनद दिली. काही सेमिनऱ्या एशिया थिऑलॉजिकल असोसिएशनच्या मान्यतेवर चालतात. शिक्षण दोन्हीकडे चांगलं मिळू शकतं, पण तुमची मंडळी दीक्षेसाठी, म्हणजे पाळक म्हणून नेमण्यासाठी, कोणती पदवी धरते हे पैसे भरण्याआधी कळलं पाहिजे. मुलींनी आणखी एक विचारायचं: आपल्या मंडळीत स्त्रियांना दीक्षा मिळते का? चर्च ऑफ नॉर्थ इंडियात मिळते. १९७० मध्ये सहा मंडळ्यांनी एकत्र येऊन तिची स्थापना केली, ती आपल्या नागपुरातच. पण किती तरी मंडळ्यांत अजून मिळत नाही. तिथे मुलगी तीच पुस्तकं वाचते, तीच परीक्षा देते आणि परत येऊन फक्त लहान मुलांचं संडे स्कूल चालवते. संडे स्कूलला मी कमी लेखत नाही. पण हे आधी माहीत असावं.

सहा महिन्यांत घरबसल्या पदवी आणि पैसे भरून नावापुढे "डॉ." लावून देणाऱ्या संस्था आहेत. मी याला फसवणूक म्हणते. ती विकणाऱ्याची आहे आणि विकत घेणाऱ्याचीही.

आता मी कुठे अडकले ते सांगते. हे सविस्तर वाचा, बाकीचं विसरलात तरी चालेल.

पहिल्या वर्षी माझं इंग्रजी कच्चं होतं. वर्गात सर बोलत तेव्हा निम्मं डोक्यावरून जायचं. होस्टेलात सिनियरच्या नोट्सच्या झेरॉक्स फिरत. ओळीओळीला आकडे टाकलेले, महत्त्वाच्या जागी चांदणी. मी त्या पाठ केल्या. पेपर छान गेले. त्यातली एक ओळ अशी होती: मार्क १६, ओव्या ९ ते २०, नंतरची भर, इम्पॉर्टंट, पाच मार्क. यातला पहिला मार्क म्हणजे येशूचं चरित्र सांगणारं बायबलमधलं मार्कचं शुभवर्तमान, १६ हा अध्याय, आणि ओव्या म्हणजे त्यातली वचनं.

वर्ष संपलं आणि मी ईस्टरला घरी आले. आमचं गाव दारव्हा तालुक्यात, मंडळी पंचवीस-तीस घरांची. पाळकसाहेबांनी कौतुकाने मलाच संदेश द्यायला सांगितला. शास्त्रभाग मार्क १६. मी उभी राहिले आणि बोलण्याच्या ओघात सांगून टाकलं की नवव्या ओवीपासून पुढचं मार्कने लिहिलेलं नाही, ते नंतर कुणी तरी जोडलं. मला वाटलं, काही तरी नवीन सांगितलं.

त्या भागातली अठरावी ओवी तुम्हाला माहीत आहे. विश्वास ठेवणारे साप उचलतील, प्राणघातक काही प्यायले तरी त्यांना बाधणार नाही. २०१७ च्या पावसाळ्यात आपल्या यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन शेकडो लोक दवाखान्यात गेले, कित्येक दगावले, हे इथल्या कुणाला सांगायला नको. आमच्या मंडळीतल्या एका मावशीचा मुलगा त्यात होता. दुसऱ्याच्या वावरात रोजाने फवारायला गेलेला. ती सहा दिवस त्याच्या खाटेशी बसून होती आणि वहीत लिहिलेली अठरावी ओवी वाचत होती. मुलगा घरी आला. डोळ्याला अजून कमी दिसतं, पण आला.

उपासना संपली आणि चहाच्या वेळी ती माझ्याजवळ आली. रागावली नव्हती. म्हणाली, "पोरी, तुले कसं माहीत वं? तू पाह्यलं काय ते जुनं पुस्तक?"

मी पाहिलं नव्हतं. झेरॉक्स पाहिली होती. माझ्याजवळ निष्कर्ष होता, त्याखाली काहीच नव्हतं. कोणती हस्तलिखितं, कधीची, त्यांत काय आहे, काय नाही, मला एक वाक्य सांगता आलं नाही. "सर म्हणाले" एवढं मी पुटपुटले, आणि तेही खोटं होतं. सरांनी पुरावा सांगितला असणार, मी ऐकला नव्हता.

परत गेल्यावर ग्रीक शिकवणाऱ्या सरांना हे सांगितलं. ते कडक माणूस, पाठीवरून हात फिरवणारे नव्हेत. म्हणाले, "रोज दुपारी लायब्ररीत ये. आणि जे कळेल ते आधी मराठीत लिही." एका ओवीसाठी तीन आठवडे गेले.

नवा करार, म्हणजे बायबलचा दुसरा भाग, मुळात ग्रीकमध्ये आहे; त्या ग्रीक प्रतीत पानाच्या तळाशी बारीक अक्षरात टिपा असतात. कोणत्या हस्तलिखितात कोणता मजकूर आहे ते तिथे खुणांनी दिलेलं असतं. हिब्रूचं आलेफ अक्षर म्हणजे सिनाई डोंगराच्या पायथ्याच्या मठात सापडलेलं हस्तलिखित, बी म्हणजे व्हॅटिकनमधलं. दोन्ही चौथ्या शतकातली, आणि दोन्हींत मार्क आठव्या ओवीवर थांबतो: कबरेवरून पळालेल्या बायकांनी कुणाला काही सांगितलं नाही, कारण त्या भ्याल्या होत्या. ग्रीकमध्ये शेवटचा शब्द "गार" आहे, म्हणजे "कारण". तो वाक्याच्या सुरुवातीला येत नाही, त्यामुळे दोन शब्दांचं वाक्य त्यावरच संपतं, आणि वाचणाऱ्याला पायरी चुकल्यासारखं होतं. पुढे नवव्या ओवीत मरीया मग्दालीया कोण ते नव्याने सांगितलंय, जशी काही ती पहिल्या ओवीत येऊनच गेली नाही. शब्दही बदलतात, लिहिण्याची ढब बदलते. हा एका बाजूचा पुरावा.

दुसरी बाजू नोट्समध्ये कुणीच लिहिली नव्हती. नंतरच्या बहुसंख्य हस्तलिखितांत हा भाग आहे. आणि दुसऱ्या शतकाच्या उत्तरार्धात, म्हणजे त्या दोन हस्तलिखितांच्याही आधी, इरेनियस नावाच्या बिशपने यातली एकोणिसावी ओवी मार्कच्या नावाने दिलेली आहे. म्हणजे मार्कच्या हातची नसली तरी ती कुणी परवा घुसवलेली नाही. इतक्या जुन्या काळापासून मंडळी ती वाचत आली आहे.

पाच मार्कांची ती ओळ आणि हे सगळं यात किती अंतर आहे बघा. परीक्षेत दोन्हींना तेवढेच मार्क मिळतात, म्हणूनच सापळा दिसत नाही. नोट्स वाचू नका असं माझं म्हणणं नाही, मीही पुढे वाचल्या. पण जे विधान तुम्ही गावात उभं राहून करणार, त्याचा पुरावा स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय करू नका. आणि तो आपल्या आईला मराठीत सांगता येत नसेल तर तो आपल्याला अजून कळलेला नाही असं धरा. माझ्या वहीचं एक पान इंग्रजी, समोरचं मराठी, असं मी चारही वर्षं ठेवलं. त्यामुळे वेग मंदावला, मार्क थोडे कमी पडले. तरी आज पुन्हा शिकायला बसले तर असंच करेन.

गुरू कसा निवडावा, हेही पोरं विचारतात. तुमची वही लाल करणाऱ्याला धरा. "तू फार पुढे जाशील" असं पहिल्याच भेटीत म्हणणाऱ्यापासून जरा लांब राहा.

ग्रीकची भीती मात्र काढून टाका. अक्षरं चोवीस, आठवड्यात बसतात. मग येतात विभक्त्या, आणि तिथे मराठी शाळेतली पोरं पुढे निघतात. प्रथमा, द्वितीया, चतुर्थी, षष्ठी, संबोधन आपण सातवीतच घोकलेलं असतं. ग्रीकची चतुर्थी आपल्या तृतीयेचं आणि सप्तमीचंही काम करते एवढं लक्षात ठेवलं की झालं. माझ्या इंग्रजी माध्यमातल्या मैत्रिणींना शब्दाचं शेपूट का बदलतं हे समजायलाच महिना लागला. हिब्रू उजवीकडून डावीकडे, अक्षरं बावीस. तिला वेळ द्या, रागावू नका. पंडिता रमाबाईंनी मोठ्या वयात या दोन्ही भाषा शिकून केडगावला बसून अख्खं बायबल मराठीत आणलं. मला हे कुणी पहिल्या वर्षी सांगितलं असतं तर मी कमी रडले असते.

विश्वास जाईल का, ही भीती आईवडिलांना जास्त असते. बायबलमधल्या उत्पत्ती या पुस्तकाच्या पहिल्या आणि दुसऱ्या अध्यायात निर्मितीचा क्रम वेगळा आहे हे वर्गात ऐकलं त्या रात्री मला झोप आली नाही. प्रार्थनेत शब्द सुचेनात. असं दोन-तीन महिने चालतं. तेव्हा एकट्याने खोलीत बसू नका, मेसमध्ये जा, कुणाशी तरी बोला, उपासना चुकवू नका. माझ्या बाबतीत जे गेलं ते जावं असंच होतं. जे राहिलं ते आजही आहे.

आणि कधी कधी पुस्तकात आपलंच घर सापडतं. अरविंद निर्मल हे मराठी माणूस. १९८१ मध्ये बंगळूरच्या युनायटेड थिऑलॉजिकल कॉलेजात त्यांनी केलेल्या भाषणाकडे दलित ईश्वरविज्ञानाची, म्हणजे दलितांच्या अनुभवातून केलेल्या धर्मचिंतनाची, सुरुवात म्हणून पाहतात. बायबलमधल्या 'अनुवाद' नावाच्या पुस्तकाच्या २६व्या अध्यायात "माझा पूर्वज भटकणारा अरामी होता" अशी कबुली आहे. निर्मल ती आपल्या वाडवडिलांच्या तोंडी ठेवून वाचतात. मी ते वाचलं तेव्हा माझा आजोबा आठवला. मिशन बंगल्याच्या विहिरीवर त्याने पहिल्यांदा स्वतःच्या हाताने पाणी शेंदलं, ही गोष्ट तो दर नाताळला सांगायचा. लहानपणी आम्हाला तिचा कंटाळा यायचा. लायब्ररीतल्या त्या टेबलावर मला कळलं की तो आपला विश्वास सांगत होता.

दुसऱ्या वर्षी नाताळात मी मावशीच्या घरी गेले. वेचणी उरकलेली, अंगणात पऱ्हाटीचा, म्हणजे कपाशीच्या वाळक्या झाडांचा, ढीग. आलेफ काय, बी काय, इरेनियस काय, सगळं सांगितलं, वर्गात उत्तर द्यावं तसं नव्हे, गप्पा मारत. मग बायबलमधल्या 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकाचा २८वा अध्याय वाचला. जहाज फुटलेला प्रेषित पौल मिलिता बेटावर काटक्या गोळा करून आगटीत घालतो आणि धगीने बाहेर आलेला साप त्याच्या हाताला डसतो. तो साप उचलायला गेला नव्हता, सरपण उचलत होता. मावशी बराच वेळ पऱ्हाटीकडे बघत राहिली. म्हणाली, "हे आमचंच झालं की." वहीतली ओवी खोडू का, असंही तिने विचारलं. मी म्हटलं, नको, ती तशीच राहू द्या.

शेजारच्या ओसरीवर एक बाई तूर निवडत बसली होती. तिचा नवरा त्याच पावसाळ्यात फवारणीनंतर गेला. मी निघाले तेव्हा ती फाटकापर्यंत आली. म्हणाली, "दोन वर्सं ते वचन वाचलं का मी उठून बाहेर जात होती. माह्या माणसाचा विश्वास कमी होता, असंच समजत होती मी." मग तिने आपलं पवित्र शास्त्र आणलं आणि माझ्या हातात पेन्सिल दिली. आठवी ओवी कुठे संपते तिथे खूण करून दे म्हणाली. मी केली.