क्विझ सुरू झाल्यावर आत शिरताना या चुका टाळा

उशिरा आलेल्या विद्यार्थ्याचे जेवढे गुण उशिरामुळे जातात, त्याहून जास्त उशीर झाल्यानंतरच्या गडबडीत जातात. वर्गात ऑनलाइन क्विझ घेणाऱ्या कोणत्याही शिक्षकाला हे दृश्य ओळखीचे असेल : तीन-चार प्रश्न झालेले असतात, विद्यार्थी धापा टाकत येतो, शेजाऱ्याच्या फोनमध्ये डोकावतो, भलत्याच पानावर पिन (खेळात शिरण्याचा अंकी कोड) टाकतो, पान बंद करून पुन्हा उघडतो, घाईत वेगळेच नाव देतो आणि शेवटी ‘सर, माझ्या फोनवर चालतच नाही’ असे म्हणून फोन बाकावर उलटा ठेवतो. फोनमध्ये बहुतेक वेळा काहीही बिघडलेले नसते. कुठे अडले आहे हे ओळखण्याऐवजी त्याने एकामागून एक चार गोष्टी करून पाहिलेल्या असतात आणि त्यातल्या प्रत्येकीने गुंता वाढवलेला असतो.

खेळ कोणाच्या गतीने चालला आहे?

हे न पाहता आत शिरणे ही पहिली चूक. सगळ्या क्विझ सारख्या नसतात आणि उशिराची किंमतही सगळीकडे सारखी नसते. नॉर्वेत तयार झालेले आणि २०१३ साली सर्वांसाठी खुले झालेले कहूट हे ऑनलाइन क्विझचे साधन वर्गात थेट खेळले जाते तेव्हा ते शिक्षकाच्या गतीने चालते : सगळ्यांना एकाच वेळी एकच प्रश्न दिसतो आणि जो प्रश्न होऊन गेला तो गेलाच. सहाव्या प्रश्नाला आत आलेल्या विद्यार्थ्याला आधीच्या पाच प्रश्नांचे शून्य गुण मिळतात. पूर्वी क्विझिझ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वेग्राउंड या खेळाच्या नेहमीच्या प्रकारात मात्र प्रत्येक जण स्वतःच्या गतीने पुढे जातो. तिथे उशिरा आलेलाही पहिल्या प्रश्नापासूनच सुरुवात करतो आणि प्रश्न त्याच्या स्वतःच्या पडद्यावर आल्यापासून त्याची वेळ मोजली जाते. शिक्षकांनी खेळ संपवण्याआधी त्याचे प्रश्न पूर्ण झाले, तर त्याचे काहीच बिघडत नाही. ब्लूकेट या अशाच तिसऱ्या खेळात उशिरा येणाऱ्यांना प्रवेश द्यायचा की नाही, हे शिक्षक खेळ सुरू करतानाच ठरवू शकतात. त्यातल्या गोल्ड क्वेस्टसारख्या प्रकारात तर पेटी उघडल्यावर दुसऱ्याचे सोने आपल्याकडे येऊ शकते, त्यामुळे शेवटच्या दोन मिनिटांत आलेला पहिल्या नंबरावर बसलेला पाहायला मिळतो. (ज्ञानाची परीक्षा म्हणून हे कितपत योग्य, हा प्रश्न वेगळा, पण उशिरा आलेल्याने निराश होण्याचे कारण नाही, एवढे खरे.)

म्हणून आत जाण्यापूर्वी शेजाऱ्याला एकच प्रश्न विचारावा : ‘सगळे एकाच प्रश्नावर आहेत का?’ उत्तर ‘हो’ असेल तर एकेक मिनिट मोलाचे आहे. ‘नाही’ असेल तर शांतपणे बसून, नाव नीट लिहून सुरुवात केली तरी चालते.

चुकीच्या दारावर थापा

बहुतेक गोंधळ इथेच होतो. विद्यार्थी खेळाचे नाव शोधयंत्रात टाकतो, पहिली दिसलेली लिंक उघडतो आणि खाते तयार करण्याच्या पानावर येऊन पोचतो. तिथे ई-मेल, जन्मतारीख, पासवर्ड भरण्यात दोन प्रश्न निघून जातात. कहूटच्या बाबतीत ‘कहूट डॉट कॉम’ हे क्विझ तयार करणाऱ्यांचे दार आहे आणि ‘कहूट डॉट इट’ हे खेळणाऱ्यांचे. खेळण्यासाठी खात्याची गरज नसते. ब्लूकेटमध्येही कोड टाकून खेळायला सहसा खाते लागत नाही. जिथे पिनची चौकट दिसत नाही आणि पासवर्ड मागितला जातो, तिथे आपण शिक्षकांच्या दारात उभे आहोत असे समजावे आणि मागे फिरावे. याला अपवाद एवढाच की काही शिक्षक मुद्दाम लॉगिन बंधनकारक करतात. तसे असेल तर ते वर्गात आधी सांगितलेले असते.

क्विझिझचे नाव २०२५ साली बदलून वेग्राउंड झाले. ज्यांना हे ठाऊक नसते ते अनोळखी नाव पाहून योग्य पानावरून परत जातात. पान बरोबरच असते. कोड टाकून पुढे जावे.

दुसरी सवय म्हणजे पिनसाठी ग्रुपवरचा जुना फोटो शोधणे. थेट खेळाचा पिन शिक्षकांनी तो खेळ उघडला की तयार होतो आणि खेळ संपला की निकामी होतो, त्यामुळे कालच्या फोटोतला पिन आज चालत नाही. तीच क्विझ शिक्षकांनी पुन्हा सुरू केली तरी पिन नवा असतो. घरी सोडवण्यासाठी दिलेल्या क्विझचा पिन मात्र मुदत संपेपर्यंत चालतो. त्यामुळे कधीकधी असेही होते की विद्यार्थी पिन टाकतो, आत जातो, प्रश्नही येतात, पण ते गेल्या आठवड्याच्या गृहपाठाचे असतात. आत गेल्यावर वर दिसणारे शीर्षक एकदा वाचण्याची सवय असावी.

पिनसाठी ओरडण्याचीही गरज नसते. कहूटमध्ये खेळ चालू असताना शिक्षकांच्या पडद्यावर खालच्या बाजूला तो पिन दिसत राहतो. मागच्या बाकावरून तो वाचताना शून्य आणि आठ, एक आणि सात यांची गल्लत होते, म्हणून आकडे शेजाऱ्याशी ताडून घ्यावेत. कळफलक मराठी असेल आणि देवनागरी अंक उमटत असतील, तर पिनपुरता तो इंग्रजीवर न्यावा.

पिन बरोबर आहे, तरी प्रवेश नाही

इथे प्रश्न तुमच्या फोनचा नसून शिक्षकांच्या पडद्याचा असतो आणि पाच वेळा पिन टाकल्याने तो सुटत नाही. कारणे साधारण तीन. शिक्षकांनी कुलपाच्या चिन्हावर दाबून नवा प्रवेश बंद केलेला असतो. बाहेरच्या कोणी खोडसाळपणे भलतीच नावे घेऊन घुसू नये म्हणून अनेक जण सगळे आले की हे कुलूप लावतात. किंवा त्यांच्या खात्याच्या योजनेत (प्लॅनमध्ये) जितके खेळाडू बसतात तितके भरलेले असतात. किंवा कहूटची दोन टप्प्यांची प्रवेशपद्धत चालू असते : पिननंतर चार रंगांचे आकार ठरावीक क्रमाने दाबायचे असतात आणि तो क्रम दर सात सेकंदांनी बदलतो. हा क्रम फक्त शिक्षकांच्या पडद्यावर दिसतो, म्हणून शेजाऱ्याला विचारून उपयोग नाही. दोन प्रश्नांच्या मधल्या वेळेत हात वर करून ‘बाई, मला आत घेता येईल का?’ एवढे विचारावे.

‘माझ्या फोनवर प्रश्नच दिसत नाही’

ही तक्रार खूप ऐकू येते. प्रत्यक्षात कहूट खेळताना फोनवर लाल त्रिकोण, निळा हिऱ्यासारखा चौकोन, पिवळे वर्तुळ आणि हिरवा चौरस एवढेच दिसत असते आणि विद्यार्थी समजतो की पान अर्धवट उघडले आहे. मग तो पान ताजे करतो आणि हातात आलेली जागा घालवतो. वर्गात खेळताना प्रश्न आणि पर्यायांचा मजकूर मोठ्या पडद्यावर असतो व फोन म्हणजे केवळ उत्तर देण्याची बटणे, अशी ही रचना आहे. सुरुवातीपासून आलेल्यांना हे पहिल्या प्रश्नालाच कळते. उशिरा आलेल्याला ते सांगायला कोणी थांबलेले नसते. प्रश्न आणि पर्याय खेळाडूंच्या उपकरणावरही दाखवण्याची सोय आहे, पण ती शिक्षकांनी चालू करावी लागते.

नाव बदलले की माणूस बदलला

आता सर्वांत महागात पडणाऱ्या चुकीकडे येऊ. एकदा माझ्या वर्गातली एक मुलगी आठव्या प्रश्नापर्यंत तिसऱ्या क्रमांकावर होती. फोनचा पडदा ३० सेकंदांत आपोआप बंद होत असे. पर्यायांवर वर्गात चर्चा रंगली, पडदा काळा झाला आणि जोडणी तुटली. तिने पान बंद केले, दुसऱ्या ब्राउझरमध्ये पुन्हा पिन टाकला. ‘हे नाव आधीच घेतलेले आहे’ असा संदेश आला, म्हणून तिने स्वतःच्या नावापुढे २ हा आकडा लावला आणि आत आली. गुणफलकावर तिचे नाव तळाशी, शून्यावर. वर तिसऱ्या क्रमांकावर तिचेच जुने नाव उत्तर न देता हळूहळू घसरत चालले होते. खेळाच्या दृष्टीने त्या दोन वेगळ्या मुली होत्या.

जोडणी तुटली की क्रम असा ठेवावा. आधी काहीही न दाबता काही सेकंद थांबावे, कारण पान बरेचदा स्वतःच पुन्हा जोडले जाते. नाही जोडले तर वायफायवरून मोबाइल डेटावर किंवा उलट जाऊन पाहावे, पण टॅब तोच ठेवावा. त्यानेही जमले नाही तर त्याच फोनवर, त्याच ब्राउझरमध्ये, अक्षराचाही फरक न करता तेच नाव घेऊन यावे. जुने गुण परत मिळण्याची आशा याच वाटेने सर्वांत जास्त असते. खासगी विंडो, दुसरा ब्राउझर, मित्राचा फोन या तिन्ही ठिकाणी तुम्ही नवखेच ठरता. नवे नाव घेण्यावाचून गत्यंतरच उरले नाही, तर खेळ संपल्यावर शिक्षकांना दोन्ही नावे सांगावीत. खेळानंतर शिक्षकांना मिळणाऱ्या अहवालात दोन्ही ओळी स्वतंत्र असतात आणि त्यांची बेरीज हाताने करता येते.

पडदा आपोआप बंद होण्याची वेळ फोनच्या सेटिंगमध्ये पाच-दहा मिनिटांवर नेणे, हे काम खेळात शिरण्याआधी करायचे. उशीर झालेला असला तरी त्यात दहा सेकंद जातात, आणि ते वसूल होतात.

टोपणनावाबद्दल एवढेच : गमतीचे नाव सापडेपर्यंत प्रश्न निघून जातो, आणि ते नाव शिक्षकांना रुचले नाही तर त्यावर दाबून ते तुम्हाला बाहेर काढू शकतात. पहिले नाव आणि हजेरी क्रमांक पुरे.

भरपाई करण्याची घाई

पाच प्रश्न हुकले म्हटल्यावर विद्यार्थी उरलेले प्रश्न अर्धवट वाचून बटणे दाबू लागतो. हिशेब मांडला तर यात शहाणपण नाही हे लगेच दिसते. कहूटच्या नेहमीच्या गुणपद्धतीत बरोबर उत्तराला जास्तीत जास्त १००० गुण असतात आणि वेळ जाईल तसे ते कमी होत जातात, पण शेवटच्या क्षणी दिलेल्या बरोबर उत्तरालाही सुमारे ५०० गुण मिळतात. प्रश्नाला २० सेकंद असतील तर ४ सेकंदांत दिलेल्या बरोबर उत्तराचे ९०० गुण, ९ सेकंदांत दिलेल्याचे ७७५. म्हणजे पाच सेकंद जास्त विचार करण्याची किंमत १२५ गुण आणि चुकीच्या उत्तराची किंमत सगळेच्या सगळे गुण. हुकलेले पाच प्रश्न वेगाने परत मिळत नाहीत. दुप्पट गुणांचा प्रश्न पुढे येणार असेल, तर थोडी भरपाई होऊ शकते ती तिथेच, आणि तीही बरोबर उत्तराने.

गट करून, एका गटाला एकच फोन अशा पद्धतीने खेळ चालू असेल तर उशिरा आलेल्याने स्वतःच्या फोनवरून वेगळे शिरूच नये. तो एका माणसाचा नवा गट होऊन तळाशी बसतो. एखाद्या गटाजवळ खुर्ची ओढून बसणे हाच तिथला प्रवेश.

व्हिडिओ कॉलवरून वर्ग असेल तेव्हा

इथे आणखी एक अडचण असते. शिक्षकांनी दाखवलेला पडदा विद्यार्थ्यापर्यंत काही क्षण उशिरा पोचतो, त्यात एकाच फोनवर कॉल आणि खेळ दोन्ही चालवले तर प्रत्येक प्रश्नाला इकडून तिकडे उड्या माराव्या लागतात आणि मागे गेलेला टॅब फोन केव्हाही झोपवतो. शक्य असेल तर कॉल एका उपकरणावर आणि खेळ दुसऱ्यावर ठेवावा; दुसरे उपकरण नसेल तर पडदा दोन भागांत विभागावा. कॉलवर आपला कॅमेरा बंद केल्यास मंद इंटरनेटवरचा ताण बराच हलका होतो.

शिक्षकांच्या बाजूने

एका उशिरा आलेल्या मुलासाठी खेळ पहिल्यापासून सुरू करणे, ही चांगुलपणातून होणारी चूक आहे. पिन बदलतो, तीस जण बाहेर पडतात, पुन्हा आत येताना त्यातले चार कुठेतरी अडकतात आणि आता उशिरा आलेले एकाचे पाच होतात. त्याऐवजी गुणफलक दिसत असताना पुढचा प्रश्न अर्धे मिनिट थांबवावा, कुलूप लावले असेल तर तेवढ्यापुरते काढावे, आणि तो मुलगा आत आल्याचे त्याच्या नावावरून पाहूनच पुढे जावे. पुढचा प्रश्न आपोआप येण्याची सोय चालू असेल तर हे थांबणे जमत नाही, म्हणून उशिरा येणारे हमखास असतात अशा पहिल्या तासाला ती बंद ठेवलेली बरी. सुरुवातीच्या पडद्यावर दिसणारा क्यूआर कोड कागदावर छापून ठेवण्याच्या फंदात मात्र पडू नये. पिनबरोबर तोही बदलतो.

अर्धी क्विझ होऊन गेल्यावर आलेल्याला मी आत घेतो, पण त्याचे त्या दिवसाचे गुण वहीत चढवत नाही. तीच क्विझ त्याला दोन दिवसांच्या मुदतीने घरी सोडवायला देतो आणि अहवालातली ती ओळ नोंदवतो.