मिलिंद म्हणजे भुंगा? नावाचं मूळ काढायची रीत

मुलांच्या नावांची कुठलीही यादी उघडा. 'मिलिंद'समोर 'भुंगा' लिहिलेलं असतं आणि ते चूक नाही, संस्कृतात मिलिंद म्हणजे भुंगाच. पण धर्मांतरानंतरच्या वर्षांत मराठवाड्यातल्या एखाद्या बौद्ध घरात पाळण्यातल्या पोराचं नाव मिलिंद ठेवलं गेलं, तेव्हा कोणाच्या मनात भुंगा नव्हता. मनात होता पाली ग्रंथातला राजा मिलिंद, जो भिक्खू नागसेनाला एकामागून एक प्रश्न विचारतो. आणि होतं आजच्या छत्रपती संभाजीनगरातलं नागसेनवन. डॉ. आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० साली तिथे काढलेल्या कॉलेजला पुढे याच राजाचं नाव मिळालं. हा राजा इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला ग्रीक मिनँडर. ग्रीकात मेनांद्रोस, पालीत मिलिंद.

म्हणून नावाचं मूळ काढताना कोश शेवटी उघडायचा. नाव कोणत्या भाषेतून, कोणत्या कारणाने घरात आलं, हे आधी ठरवायचं. कोशातला अर्थ बरोबर असूनही नावाचा अर्थ चुकू शकतो, तो असा.

जुनं लेखी रूप गाठा

आधार कार्डावरून सुरुवात करू नका, ते सगळ्यात अलीकडचं आणि सगळ्यात 'सुधारलेलं' रूप असतं. शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा, १९५४ चं खासरा पत्रक (जमिनीची जुनी नोंद), जुनी खरेदीखतं आणि सासर-माहेरच्या लग्नपत्रिका जमवा. नाव जसं लिहिलंय तसं अक्षर अक्षर उतरवा. 'किशन'चं 'कृष्ण', 'वैजिनाथ'चं 'वैजनाथ' स्वतःहून करू नका, पुरावा त्या वेड्यावाकड्या रूपातच असतो. घराण्याची वही त्र्यंबकेश्वर-नाशिकच्या तीर्थोपाध्यायांकडे असेल तर ती नामावळ बघून या. तिथे जाताना आडनाव, मूळ गाव आणि आजोबा-पणजोबांचं नाव हाताशी हवं.

निजामी अमलातले बरेच कागद उर्दूत आहेत आणि इथेच लोक घसरतात. उर्दू लिपीत ळ नाही आणि ण नाही, त्यामुळे 'तुळजा'ची 'तुलजा' होते. ऱ्हस्व स्वर बहुधा लिहीतच नाहीत. व, ऊ, ओ, औ या सगळ्यांना एकच अक्षर आहे. 'कोंडिबा' कोणी 'कुंडिबा' वाचेल, कोणी 'कौंडिबा'. शब्दाच्या मध्ये ब, प, त, न यांचा आकार एकच, फरक फक्त नुक्त्यांचा, म्हणजे ठिपक्यांचा, आणि घाईतल्या कारकुनाचे नुक्ते सरकलेले किंवा गळालेले असतात. वाचणाऱ्याने एक नाव सांगितलं की त्याला विचारा, 'याचं आणखी काय वाचन होऊ शकतं?' दोन-तीन पर्याय लिहून ठेवा आणि दुसऱ्या कागदाशी ताडून पाहा. साल फसली, म्हणजे निजामी महसुली कालगणनेतलं, असेल तर इसवी सन काढायला ऑक्टोबर ते डिसेंबरसाठी ५९० आणि जानेवारीपासून पुढे ५९१ मिळवा. १३५७ फसली म्हणजे ऑक्टोबर १९४७ ते ऑक्टोबर १९४८, पोलीस ॲक्शनचं वर्ष.

बायकांच्या नावांना दोन खाती लागतात. लग्नात ताटातल्या तांदळावर नवं नाव लिहिलं की माहेरचं नाव सासरच्या कागदात दिसेनासं होतं. म्हणून आजीचं माहेरचं नाव तिच्या भावाच्या घरी विचारा, सातबाऱ्यावर ते मिळणार नाही.

शेपूट वेगळं करा

आता नावाची शेपूट तोडा: राव, बा, जी, पंत, बाई, अप्पा, अण्णा, अव्वा. 'राव' राजाचाच, प्राकृतातून झिजत आलेला. 'अप्पा' म्हणजे बाप, 'अण्णा' म्हणजे थोरला भाऊ, 'अक्का' म्हणजे थोरली बहीण. ही कन्नडकडची मंडळी. उदगीर, निलंगा, उमरग्याकडे ती जास्त दिसतात. बसवप्पातला 'बसव' हा संस्कृत वृषभाचा कन्नड अवतार. शेपूट गेली की उरतो गाभा: नागोरावातला नाग, म्हणजे औंढ्याचा नागनाथ, ज्ञानोबातला ज्ञान. फक्त शेपटीवरून जात किंवा धर्म ठरवू नका. अप्पा लावणारे सगळे लिंगायत नसतात आणि सुलतान नावाचे सगळे मुसलमान नसतात.

आडनावाची शेपूट जास्त बोलकी. 'कर' गाव सांगतो. नांदेड, बिलोली, देगलूरकडचा 'वार' तेलुगूतल्या 'वारु'चा, म्हणजे 'अमक्याकडचे लोक' अशा आदरार्थी बोलण्याचा. कोत्तावारातला 'कोत्त' तेलुगूत 'नवा'. 'नीस' हा फारसी 'नवीस', लिहिणारा: फडणीस, चिटणीस. 'दार' म्हणजे धारण करणारा: इनामदार, जहागीरदार. हुद्द्याचं आडनाव हुद्दा सांगतं, वंश नाही. पाटील सगळ्या जातींत सापडतात ते त्यामुळेच.

भाषा ओळखायच्या खुणा

अरबी नाव ओळखायची किल्ली तीन व्यंजनांत आहे. ह-म-द घ्या, अर्थ स्तुती. त्यातून हमीद, हामिद, अहमद, महमूद, मुहम्मद. न-स-र म्हणजे मदत, विजय: नासिर, नुसरत, मन्सूर. क-र-म म्हणजे औदार्य: करीम, अक्रम. स्वर बदलतात, सांगाडा तोच. 'अब्दुल' हे मात्र एकटं नाव नाहीच, त्याचा अर्थ नुसता '-चा सेवक'. पुढे रहीम, करीम, अझीज असं ईश्वराचं विशेषण लागलं की नाव पुरं होतं.

फारसी नावं बहुधा जोडशब्द असतात, तेव्हा मधोमध कापून पाहा. गुल म्हणजे फूल, आब म्हणजे पाणी, आणि गुलाब आधी गुलाबपाणी होतं. पंज अधिक आब म्हणजे पाच पाण्यांचा प्रदेश. म्हणजे गावातले गुलाबराव आणि पंजाबराव या दोघांत पाणी एकच. हैबतरावातली हैबत अरबी, अर्थ दरारा. साहेबरावातला साहेब अरबीत मुळात सोबती होता, मालक नंतर झाला.

संस्कृत शब्द बोलण्यात झिजतो, पण नेमानं झिजतो. 'द्य'चा 'ज' होतो: अद्य-आज, विद्युत्-वीज. त्याच नेमानं वैद्यनाथाचा परळीचा वैजनाथ झाला. कृष्ण-कण्ह-कान्ह ही साखळी कान्होबापर्यंत येते. असा नेम दाखवता येत नसेल तर नुसत्या ऐकण्यातल्या सारखेपणावर मूळ ठरवू नका.

आणि काही नावं फार लांबून येतात. अलेक्सांद्रोस म्हणजे पुरुषांचं रक्षण करणारा. अरबीत सुरुवातीचं 'अल' हे आपलंच उपपद समजलं गेलं, उरलं इस्कंदर, फारसीत सिकंदर. यातला 'आंद्र', म्हणजे पुरुष, मेनांद्रोसातही आहे. तेव्हा एकाच आळीतल्या सिकंदर आणि मिलिंदच्या नावांचं शेवटचं टोक एकाच ग्रीक शब्दाचं निघतं. इब्राहीम-अब्राहाम, यूसुफ-योसेफ, दाऊद-दावीद, याह्या-योहान या जोड्यांत तर मशीद आणि चर्च यांच्यामध्ये फक्त उच्चाराचं अंतर आहे. इस्माईल, शमुवेल, दानिएल यांच्या शेवटचा 'एल' हिब्रू, अर्थ देव.

नांदेडात शीख नावं भेटतील. सिंग म्हणजे सिंह; कौरचं मूळ कुंवर, म्हणजे कुमारात. प्रीत, दीप, जीत ही शेवटं मुलगा-मुलगी दोघांना चालतात. गुरू ग्रंथ साहिब उघडल्यावर आलेल्या हुकमनाम्याच्या पहिल्या अक्षरावरून नाव ठरतं, त्यामुळे तिथे आधी 'अक्षर कोणतं आलं होतं?' हे विचारा.

नाव का ठेवलं?

हा प्रश्न घरातल्या म्हाताऱ्या माणसालाच विचारता येतो, म्हणून तो लांबणीवर टाकू नका. दगडू, कचरू, उकिरडा, भिका या नावांचा अर्थ कोशात शोधून काही हाती लागत नाही. आधीची लेकरं दगावली की मागून झालेल्याला नजर लागू नये, काळानं त्याला टाकाऊ समजून सोडून द्यावं, म्हणून ती ठेवत. तेव्हा अशा माणसाच्या आधी किती भावंडं झाली ते विचारा. धोंडीरामचं कारण दगडूसारखंच असेल, किंवा तो धोंड्याच्या महिन्यात जन्मला असेल. जन्मतारीख पंचांगाशी ताडून पाहा, अधिक महिना साधारण ३२-३३ महिन्यांनी येतो, लगेच कळतं.

मन्मथ म्हणजे कोशात कामदेव, मन घुसळणारा. लिंगायत घरातला मन्मथअप्पा त्याचा नव्हे. तो बीड जिल्ह्यातल्या कपिलधारच्या मन्मथस्वामींचा. राहुलची यादीतली 'कर्तबगार' वगैरे वर्णनं सोडा, पाली परंपरेत ते नाव 'बंधन' या अर्थाशी जोडतात, आणि घरात ते आलेलं असतं बुद्धाचा मुलगा म्हणून. वेरूळच्या मालोजी भोसल्यांनी शाह शरीफ या पिराच्या नावावरून मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. पीराजी, फकिरबा ही नावं दिसली की जवळचा दर्गा कोणता, ते विचारून घ्या.

मग कोश

मराठीसाठी मोल्सवर्थचा १८५७ चा कोश उत्तम. शब्द संस्कृत, फारसी की अरबी, याची खूण तो शब्दापाशीच देतो. नव्या नावांना तर कोश लावलाच पाहिजे. 'आरव'समोर याद्यांत 'शांत' असतं. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, कल्लोळ. (रात्रभर जागणाऱ्या आईबापांना हा अर्थ लवकर पटतो.) 'रेयांश'ची फोड 'रेय अधिक अंश' करतात, पण 'रेय' दाखवा म्हटलं की यादी गप्प. 'कियारा' इटालियन घेतलं तर उजळ, आयरिश घेतलं तर काळीसावळी. नाव आवडलं तर खुशाल ठेवा, फक्त अर्थ छापून बारशाला वाटू नका.

नोंदीत चढवताना

जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते. त्या वेळी नाव ठरलं नसेल तर रकाना रिकामा राहू द्या. पुढच्या १२ महिन्यांत नाव फुकट चढतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. घाईनं पाळण्यातलं किंवा राशीचं नाव लिहून टाकलं की पुढे शाळेत वेगळं नाव पडतं आणि दोघांचा मेळ बसत नाही. अश्विनी नक्षत्राचं चू, चे, चो, ला जमवायचं असेल तर तेच कागदावरही ठेवा.

१ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावाचा सरकारी क्रम असा: मुलाचं नाव, आईचं, वडिलांचं, मग आडनाव. पैठणच्या सातवाहनांना हे नवं वाटलं नसतं. गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी आईचंच नाव आधी लावत.

सगळ्यात जास्त गोंधळ मराठवाडी मुस्लिम नावांचा होतो. इथे 'शेख रफिक शेख महेबूब' असं लिहायची रीत आहे: शेख, मुलाचं नाव, पुन्हा शेख, वडिलांचं नाव. फॉर्म भरणारा पहिल्या रकान्यात 'शेख' टाकतो आणि आडनावात 'महेबूब', मग दहावीच्या सनदेवर पोराचं नाव नुसतं 'शेख' होऊन बसतं. आडनावाच्या रकान्यात शेख, नावात रफिक, वडिलांत महेबूब, असं एका चिठ्ठीवर लिहून द्या. अब्दुल रहीम असेल तर दोन्ही शब्द नावाच्याच रकान्यात घाला. आणि प्रमाणपत्र हातात पडल्यावर खिडकीतून हलण्याआधी मराठी-इंग्रजी दोन्ही रूपं वाचा. 'ज्ञानेश्वर'चं इंग्रजी डी-एन पासून सुरू झालंय, जी-वाय पासून की जे-एन पासून, ते वडिलांच्या कागदाशी तिथल्या तिथेच जुळवून घ्या.