कालतंबोरा कसा बांधायचा

आमच्या बालनाट्यात एक मुलगी आजोबांचा तंबोरा जुळवते आणि सूर लागला की घरातला काळ थांबतो, असा प्रसंग होता. संहितेत एवढंच लिहिलेलं: ‘काळ थांबतो.’ दिग्दर्शकाच्या मनात होतं की सगळ्या मुलांनी पुतळ्यासारखं उभं राहायचं आणि वर निळा प्रकाश टाकायचा. मला ते पटेना. मी मिरजेत तीस वर्षं भौतिकशास्त्र शिकवलंय. मुलांना एखादी गोष्ट थांबली असं नुसतं सांगून भागत नाही, ती त्यांना दिसावी लागते. म्हणून मी पाण्याची धार हवेत थांबलेली दाखवणारं यंत्र बांधायचं ठरवलं, तोच हा कालतंबोरा.

आधी यंत्राचा नियम पक्का करा, सामान नंतर आणा. आमचा नियम तंबोऱ्यातूनच आला. जोडीच्या दोन तारा किंचित बेसूर असल्या की आवाज डोलतो, लहानमोठा होत राहतो. एक तार सेकंदाला १३० वेळा आणि दुसरी १३१ वेळा कंप पावत असेल, तर सेकंदाला एक डोल ऐकू येतो. तारांवरचे मणी सरकवत तारा जुळत आणल्या की डोल लांबत जातात आणि सूर मिळाला की नाहीसे होतात. आमच्या नाटकात डोल जसे मंदावतात तसा काळ मंदावतो आणि डोल संपला की काळ थांबतो. पाण्याचं गणितही हेच आहे. हे लक्षात आलं त्या रात्री मला झोप लागली नाही.

आता बांधणी. मिरजेत तंबोरे करणाऱ्यांकडे तडा गेलेला भोपळा मागितला तर मिळतो. त्याला मागून वूफर, म्हणजे खालच्या सुरांचा मोठा स्पीकर, आत जाईल एवढं भोक पाडा. आत सहा ते आठ इंचांचा जुना वूफर उभा बसवा. लहान स्पीकरचा कागद एवढ्या खालच्या सुराला पुरेसा हलत नाही. वूफरच्या कागदाला फिशटँकची मऊ नळी चिकटपट्टीने उभी चिकटवा आणि तिचं टोक खाली तीन-चार सेंटीमीटर मोकळं सोडा. नळीचं दुसरं टोक वरच्या बादलीत, खाली टब. कागदावर आधी पातळ प्लास्टिक लावून घ्या. अँप्लिफायर १२ व्होल्टचा घ्या आणि पाण्यापासून लांब, उंचावर ठेवा. यात हयगय नको, आजूबाजूला मुलं असतात.

फोनवर टोन जनरेटरचं अ‍ॅप घ्या आणि २५ हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला २५ कंपांचा, साधा सूर वूफरला द्या. हा आवाज कानाला जेमतेम घुमघुमल्यासारखा जाणवतो, पण नळी थरथरू लागते आणि धारेला नागमोडी वळणं पडतात. नुसत्या डोळ्यांनी बघाल तर धार फक्त पुसट, पसरल्यासारखी दिसेल. आता दुसऱ्या फोनच्या कॅमेऱ्यात प्रो मोड लावून सेकंदाला २५ चित्रं पक्की करा आणि शटर १/५०० सेकंद ठेवा. दर चित्राला वळणं नेमकी त्याच जागी सापडतात, म्हणून पडद्यावर पाणी थांबलेलं दिसतं. काचेचा पिळा टांगल्यासारखं! सूर २४ केलात की धार सेकंदाला एक वळण या वेगाने वर, बादलीकडे चढते. २६ ला तेवढ्याच वेगाने सावकाश खाली उतरते. तोच सेकंदाला एक डोल, इथे डोळ्यांना दिसणारा.

आकडा २५ असूनही पाणी जरा सरकत असेल तर दशांशाने कमीजास्त करा. धार पुसट दिसली तर शटर अजून जलद हवं. वूफरचा कागद ज्या दिशेने पुढेमागे होतो तिच्या काटकोनात कॅमेरा ठेवा, समोरून वळणं कळतच नाहीत. मागे काळं कापड आणि बाजूने भरपूर उजेड हवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची असल्याने बरेच दिवे सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. २५ चित्रांशी ते जमून जातं. फोनमध्ये फक्त ३० चित्रांची सोय असेल तर सूरही ३० ठेवा, पण मग दिवा बॅटरीवरचा घ्या, नाहीतर पडद्यावर पट्टे सरकतात. कॅमेऱ्यातून प्रोजेक्टरला केबलच जोडा. बिनतारी जोडणीत चित्रं गळतात आणि थांबलेलं पाणी उड्या मारतं.

कॅमेऱ्याऐवजी लुकलुकणारा दिवा वापरूनही हाच परिणाम साधतो आणि तो थेट रंगमंचावर दिसतो. तरी तो वापरू नका. सेकंदाला १५ ते २५ वेळा चमकणाऱ्या दिव्याने अपस्माराचा त्रास असलेल्याला झटका येऊ शकतो, आणि प्रेक्षागृहात कोणाला तो त्रास आहे हे आपल्याला ठाऊक नसतं.

खरा तंबोरा मुलीच्या हातात हवा, रेकॉर्डिंग नको. ती मणी सरकवेल तेव्हा विंगेत बसलेल्याने कान देऊन २८ वरून २७, २६, साडेपंचवीस असं खाली यायचं. तिचा डोल संपला की २५. ही जोडी जुळायला आम्हाला नऊ तालमी लागल्या. टोन देणारा फोन विमान मोडवर टाका. आमच्या पहिल्या प्रयोगात ऐन क्षणी त्या फोनवर कॉल आला, टोन तुटला आणि धार सरळ झाली. ती मुलगी रडवेली झाली होती.

दुसऱ्या प्रयोगाला पाणी थांबलं, आणि पुढच्या रांगेतल्या एका चिमुरड्याने हात लांब करून हवेतच ते धरायचा प्रयत्न केला. थांबलेलं पाणी दहा सेकंद तरी तसंच ठेवा, त्या वेळात कोणीही संवाद बोलायचा नाही. मग मुलगी खुंटी सैल करते, तार उतरते, तुम्ही सूर २६ वर न्या. धार हळूहळू खाली सरकू लागली की प्रोजेक्टर बंद करा आणि टबात पडणाऱ्या पाण्याचा आवाज तेवढा राहू द्या.