‘आयडेम्पोटंट’ म्हणजे काय आणि हा शब्द नेमका कशाबद्दल वापरायचा

पुण्यात बॅकएंड, डेटा इंजिनिअरिंग किंवा डेव्हऑप्सच्या जागांसाठी मुलाखती द्यायला लागलात की ‘आयडेम्पोटंट’ हे विशेषण कधी ना कधी समोर येतंच. हिंजवडी असो, खराडी असो की मगरपट्टा, ‘पुट आणि पोस्टमध्ये फरक काय?’ (सर्व्हरला रिक्वेस्ट पाठवायच्या या दोन पद्धती) असा प्रश्न निघाला की पाठोपाठ हा शब्द ठरलेला. मी फ्रेशर्सच्या मुलाखती घेते आणि टीममध्ये आलेल्या नव्या मुलामुलींना कामाला लावते. सोलापूर, बारामती, नगरकडून आलेली, दहावीपर्यंत मराठी माध्यमात शिकलेली मुलं या शब्दापाशी अडखळतात. वाईट याचं वाटतं की त्यामागची कल्पना त्यांना चांगली समजलेली असते. शब्दाशी तिची गाठ तेवढी कुणी घालून दिलेली नसते.

आधी उच्चार. कुणी ‘आयडेम्पोटंट’ म्हणतं, कुणी ‘इडेम्पोटंट’. दोन्ही चालतात, त्यावर वेळ घालवू नका. नाम ‘आयडेम्पोटन्सी’. ऑफिसात मराठीत बोलतानाही आपण ‘ही एपीआय आयडेम्पोटंट आहे का?’ असंच विचारतो. (एपीआय म्हणजे एका प्रोग्रॅमने दुसऱ्याला काम सांगायची ठरलेली सोय.)

अर्थ असा: एखादी क्रिया एकदा केली काय आणि तीच पुन्हा पुन्हा केली काय, शेवटी स्थिती तीच राहत असेल, तर ती क्रिया आयडेम्पोटंट. ‘खात्यातली शिल्लक 4,500 करा’ ही सूचना तीनदा चालवा, शिल्लक 4,500 च राहील. ‘शिल्लकेतून 500 वजा करा’ ही तीनदा चालवलीत तर 1,500 रुपये गेले. शिल्लक 5,000 असेल तर पहिल्या फटक्यात दोन्हींचं उत्तर सारखंच येतं, म्हणून टेस्टिंगमध्ये फरक दिसतच नाही. तो दिसतो दुसऱ्यांदा चालवल्यावर. नवीन माणसाने हे विशेषण ऐकलं की स्वतःला एकच प्रश्न विचारावा: हेच पुन्हा चाललं तर काय होईल?

शब्द मुळात गणितातला आहे. बेंजामिन पर्स या अमेरिकन गणितज्ञाने 1870 मध्ये तो वापरात आणला. लॅटिनमध्ये ‘आयडेम’ म्हणजे तोच आणि ‘पोटेन्स’ म्हणजे सामर्थ्य किंवा घात. ज्याचा कितीही वेळा घात केला तरी तोच राहतो, तो घटक आयडेम्पोटंट. नेहमीच्या संख्यांमध्ये असे दोनच आहेत, 0 आणि 1. कल्पना मात्र शब्दाच्या आधीची. जॉर्ज बूलने 1854 मध्येच आपल्या तर्कशास्त्राच्या बीजगणितात ‘एक्सचा वर्ग बरोबर एक्स’ हा नियम पायाभूत मानला होता. आपल्या पुण्याच्या सीओईपी इंजिनिअरिंग कॉलेजची सुरुवातही त्याच वर्षी झाली, म्हणून ते साल माझ्या पक्कं लक्षात राहिलं. इंजिनिअरिंगच्या गणितात मॅट्रिक्स शिकताना ‘ए चा वर्ग बरोबर ए’ असं समीकरण भेटलं असेल, तर तुम्ही हा शब्द आधीच पाहिलेला आहे. परीक्षा झाली आणि तो मागे पडला, इतकंच.

गणितातून संगणकाकडे यायला एक छोटी पायरी आहे आणि बहुतेक जण तीच गाळतात. गणितात म्हणतात, फंक्शनच्या उत्तरावर तेच फंक्शन पुन्हा लावलं तरी उत्तर बदलत नाही. उणे 7 चं निरपेक्ष मूल्य 7, आणि त्या 7 चं निरपेक्ष मूल्य पुन्हा 7. आता सर्व्हरची, म्हणजे डेटाबेसची, सगळी स्थिती म्हणजे ती संख्या समजा आणि येणारी रिक्वेस्ट म्हणजे फंक्शन. पहिल्या रिक्वेस्टने स्थिती बदलली, दुसऱ्या तशाच रिक्वेस्टने ती जागची हलली नाही. व्याख्या तीच, फक्त संख्येच्या जागी आख्खा डेटाबेस आला. मुलाखतीत एवढं सांगितलंत तरी समोरच्याला कळतं की व्याख्या पाठ केलेली नाही.

हे विशेषण आपल्या धंद्यात इतकं महत्त्वाचं का झालं, हे समजायला ऑफिसच्या गेटबाहेरची चहाची टपरी पुरे. सकाळच्या गर्दीत क्यूआर कोड स्कॅन केला, पिन टाकला आणि नेटवर्क गेलं. स्क्रीनवर चक्र फिरतंय. टपरीवरच्या स्पीकरमधून आवाज आलेला नाही. आता तीन शक्यता आहेत. रिक्वेस्ट बँकेपर्यंत पोचलीच नाही. किंवा पोचली, पण व्यवहार फसला. किंवा पैसे गेले, फक्त ‘गेले’ हे सांगणारं उत्तर वाटेत हरवलं. हातातल्या फोनला या तिन्ही सारख्याच दिसतात. पुन्हा प्रयत्न करावा तर दोनदा पैसे जाण्याची भीती, न करावा तर चहावाले काका थांबलेत. तुम्ही नव्याने स्कॅन करून पुन्हा पिन टाकलात तर तो नवा व्यवहार असतो, त्याला नवा क्रमांक मिळतो, आणि पहिलाही यशस्वी झालेला असेल तर दोन्ही रकमा जातात. यंत्रणेची त्यात चूक नाही. तिच्या दृष्टीने तुम्ही दोन चहांचे पैसे दिलेत. म्हणून असं झालं की आधी ॲपमधल्या हिस्टरीत त्या व्यवहाराचं काय झालं ते बघायचं, मग पुढचं.

सर्व्हर एकमेकांशी बोलतात तेव्हा हीच अडचण दिवसभर येत असते, आणि तिथे हिस्टरी उघडून बघायला माणूस नसतो. टाइमआउट झाला, म्हणजे ठरल्या वेळात उत्तर आलं नाही, की कोड रीट्राय करतो, तीच रिक्वेस्ट पुन्हा पाठवतो. म्हणून पेमेंटच्या एपीआयमध्ये आयडेम्पोटन्सी-की देतात. ग्राहकाने ‘पे’ दाबलं की क्लायंट त्या एका इच्छेसाठी एक युनिक क्रमांक तयार करतो आणि प्रत्येक रीट्रायबरोबर तोच पाठवतो. सर्व्हर बघतो, हा क्रमांक आधी आला होता का? आला असेल तर काम पुन्हा न करता पहिल्या वेळचंच उत्तर परत देतो. स्ट्राइप या पेमेंट कंपनीच्या एपीआयमध्ये हे हेडरमधून (रिक्वेस्टबरोबर जाणाऱ्या जादा माहितीतून) चालतं, आणि त्यांचं डॉक्युमेंटेशन नव्या माणसाने जरूर वाचावं इतकं स्वच्छ लिहिलेलं आहे. तीच की पण रक्कम वेगळी, अशी रिक्वेस्ट आली तर ते ती नाकारतात. तपशील लहान वाटतो, पण यातूनच कळतं, ही की रिक्वेस्टला नाही, ग्राहकाच्या इच्छेला लावलेली आहे.

इथे एक गोष्ट ठासून सांगते. की रीट्रायच्या लूपच्या आत तयार केली तर प्रत्येक प्रयत्नाला नवी की मिळते आणि सगळी व्यवस्था वाया जाते. असा कोड रिव्ह्यूला येतो, टेस्ट पास झालेल्या असतात, हेडरही व्यवस्थित जात असतो. कुणी म्हणालं की ‘एपीआय आयडेम्पोटंट केलीय’, तर मी पहिल्यांदा की कुठे जन्माला येते तेच बघते.

आता वापराकडे, कारण मुलाखतीत गुण तिथे जातात. एचटीटीपीच्या (वेबवर रिक्वेस्ट पाठवायच्या नियमांच्या) मानकात, म्हणजे 2022 च्या आरएफसी 9110 या दस्तऐवजात, पुट आणि डिलीट, शिवाय गेटसारख्या सगळ्या ‘सेफ’ (फक्त वाचणाऱ्या) मेथड आयडेम्पोटंट म्हटल्या आहेत. पोस्ट त्यात नाही. पॅचही नाही, कारण पॅचमध्ये ‘यादीच्या शेवटी हे जोडा’ असंही सांगता येतं. इथवर सगळ्यांना येतं. मग मी विचारते, डिलीट पहिल्यांदा मारलं तर 204 (काम झालं) आलं, दुसऱ्यांदा मारलं तर 404 (सापडलं नाही). उत्तर बदललं, मग डिलीट आयडेम्पोटंट कसं? इथे दहातली बरीच मुलं लगेच माघार घेतात आणि ‘मग नसेल’ म्हणतात. माघार घेऊ नका. विशेषण परत येणाऱ्या उत्तराबद्दल नाही, सर्व्हरवर होणाऱ्या परिणामाबद्दल आहे. रेकॉर्ड पहिल्यांदा गेलं, दुसऱ्यांदाही ते गेलेलंच आहे. स्थिती तीच. पुढचा प्रश्न येऊ शकतो: पण लॉगमध्ये तर दोन ओळी पडल्या? त्याचंही उत्तर त्याच दस्तऐवजात आहे. क्लायंटने जो परिणाम मागितला त्याचा विचार करायचा. सर्व्हरने प्रत्येक रिक्वेस्टची वेगळी नोंद ठेवायला काहीच हरकत नाही.

शेजारचे शब्द यात मिसळतात. ‘सेफ’ म्हणजे सर्व्हरवर काही बदल मागितलेलाच नाही. ‘डिटरमिनिस्टिक’ म्हणजे तीच इनपुट दिली की तेच उत्तर. दिलेल्या संख्येत 1 मिळवणारं फंक्शन डिटरमिनिस्टिक आहे, पण आयडेम्पोटंट नाही, कारण उत्तरावर पुन्हा लावलं की ते पुढे सरकतं. डिलीट आयडेम्पोटंट आहे, पण सेफ अजिबात नाही. ‘सेफ टू रीट्राय’ हा प्रयोग मात्र आयडेम्पोटंटच्या अगदी जवळचा, आणि बोलताना तो वापरला तरी कुणी अडवत नाही.

वाक्यात हे विशेषण क्रियेला लावायचं. ऑपरेशन, एपीआय, जॉब, स्क्रिप्ट, मायग्रेशन यांना लागतं. ‘डेटा आयडेम्पोटंट आहे’ म्हणालात तर ऐकणारा गोंधळतो. ‘जास्त आयडेम्पोटंट’ असंही नसतं, क्रिया एकतर तशी असते किंवा नसते. आणि शक्य तेव्हा कशाच्या संदर्भात ते जोडायचं: ‘ऑर्डर आयडीवर आयडेम्पोटंट आहे’. या जोडणीने बोलण्यात नेमकेपणा येतो. काफ्का या मेसेज पोचवणाऱ्या प्रणालीच्या 0.11 आवृत्तीत 2017 मध्ये आयडेम्पोटंट प्रोड्यूसर (प्रोड्यूसर म्हणजे मेसेज पाठवणारा) आला. त्याच्यामुळे प्रोड्यूसरच्या स्वतःच्या रीट्रायमधून मेसेज दोनदा लिहिला जात नाही. पण तुमच्या ॲप्लिकेशनने तोच मेसेज नव्याने पाठवला, किंवा कन्झ्यूमरने (मेसेज वाचणाऱ्याने) तो प्रोसेस केला आणि ऑफसेट (कुठवर वाचलं याची खूण) कमिट होण्याआधी बंद पडला, तर ते निस्तरणं तुमच्याकडेच राहतं. नावात शब्द आहे म्हणून सगळी साखळी तशी होत नाही.

डेटाच्या कामात या शब्दाची खरी गाठ रात्री पडते. पुण्यात सपोर्ट प्रोजेक्ट भरपूर, आणि नव्या मुलांना पहिली जबाबदारी बऱ्याचदा रात्रीच्या बॅचची (रात्री आपोआप चालणाऱ्या डेटाच्या जॉबची) मिळते. जॉब अर्ध्यात पडतो आणि चॅटवर मेसेज येतो, ‘ताई, रीरन करू का?’ मी उलट विचारते, ‘हा जॉब त्या तारखेचं पार्टिशन ओव्हरराइट करतो की अपेंड?’ पार्टिशन म्हणजे टेबलातला त्या दिवसाचा भाग; ओव्हरराइट म्हणजे तो पुसून नव्याने लिहिणं, अपेंड म्हणजे शेवटी जोडणं. ओव्हरराइट असेल तर बिनधास्त रीरन कर. अपेंड असेल तर आधी अर्धवट पडलेल्या ओळी काढ, मग रीरन. जॉबच्या शेवटी ग्राहकांना एसएमएस जात असतील तर थांब, कारण टेबल पुसता येतं, गेलेला एसएमएस परत घेता येत नाही. आणखी एक बघायचं: कोडमध्ये ‘आजची तारीख’ कुठून घेतली आहे? घड्याळावरून घेतली असेल तर मध्यरात्रीनंतर रीरन केलेला जॉब दुसऱ्याच दिवसाचा डेटा लिहितो. तारीख पॅरामीटर म्हणून बाहेरून द्यायची. रनबुकमध्ये (टीमच्या सूचनांच्या वहीत) प्रत्येक जॉबपुढे ‘रीरन चालेल का’ असा एक रकाना ठेवा. रात्री दोन वाजता एकट्या बसलेल्या नव्या माणसाला त्याचा केवढा आधार वाटतो, ते पाहिल्याशिवाय कळत नाही.

डेव्हऑप्सकडे जाणाऱ्यांसाठी थोडक्यात. अन्सिबल, टेराफॉर्म यांसारखी सर्व्हर लावून देणारी साधनं याच कल्पनेवर उभी आहेत: काय करायचं ते न सांगता शेवटी काय असायला हवं ते सांगायचं. ‘फाइलच्या शेवटी ही ओळ जोडा’ ही स्क्रिप्ट चार वेळा चालवली तर चार ओळी होतात. ‘ही ओळ फाइलमध्ये असायला हवी’ म्हटलं तर एकच राहते.

हे सगळं वाचून अंगी मुरत नाही, करून बघावं लागतं, आणि त्याला क्लास लावायची गरज नाही. लॅपटॉपवर पोस्टग्रेस हा डेटाबेस घ्या. खाती आणि व्यवहार अशी दोन टेबलं करा, पैसे वजा करणारी एक साधी एपीआय लिहा. पहिल्या आवृत्तीत ‘हा रिक्वेस्ट आयडी टेबलमध्ये आहे का?’ हे सिलेक्टने तपासा, नसेल तर पैसे वजा करून आयडी इन्सर्ट करा. मग एकाच आयडीच्या रिक्वेस्ट छोट्या स्क्रिप्टने एकाच क्षणी भरपूर सोडा. कधीतरी पैसे दोनदा वजा झालेले सापडतील, कारण दोन रिक्वेस्टनी एकाच वेळी तपासलं आणि दोघींनाही ‘नाही’ असंच उत्तर मिळालं. दिसलं नाही तर सिलेक्ट आणि इन्सर्टच्या मध्ये अर्धा सेकंद स्लीप टाका, हमखास दिसेल.

आता दुसरी आवृत्ती. रिक्वेस्ट आयडीवर युनिक कन्स्ट्रेंट (तोच आयडी दुसऱ्यांदा घेऊ न देणारा नियम) लावा आणि आधी इन्सर्ट करा. त्यासाठी ‘ऑन कॉन्फ्लिक्ट डू नथिंग’ वापरता येतं, पोस्टग्रेसमध्ये ते 2016 च्या 9.5 आवृत्तीपासून आहे. ओळ खरोखर पडली असेल तरच पैसे वजा करा, आणि ही दोन्ही कामं एकाच ट्रान्झॅक्शनमध्ये ठेवा, म्हणजे होतील तर दोन्ही, नाहीतर एकही नाही. वेगवेगळ्या ट्रान्झॅक्शनमध्ये ठेवलीत आणि मध्येच प्रोसेस मेली, तर आयडी नोंदलेला पण पैसे न कापलेले, असं होऊन बसतं. तेही मुद्दाम करून बघा: इन्सर्ट झाल्या झाल्या प्रोसेस किल करा आणि टेबल उघडा. मग तिसऱ्या फेरीत पहिल्या वेळचं उत्तर त्याच ओळीत साठवून रीट्रायला परत द्या. हा छोटा प्रोजेक्ट गिटहबवर टाकून रेझ्युमेत लिहिलात, तर निदान माझ्यासमोर बसल्यावर बोलणं व्याख्येपासून सुरू होणार नाही. ते थेट त्या स्लीपच्या ओळीपासून सुरू होईल.