प्रतिकूल ताब्याचा दावा: गोव्यात कोणत्या कोर्टात?

मालकाच्या परवानगीविना, उघडपणे वर्षानुवर्षं जमीन ताब्यात ठेवली तर तो प्रतिकूल ताबा, आणि त्यावरून मालकी मागता येते. पण जमीन गोव्यात आणि मालक मुंबईत असेल, तर तो तिथे राहतो म्हणून दावा मुंबईत लावता येत नाही. स्थावर मालमत्तेचा दावा जमीन असेल तिथेच चालतो. तसं दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम १६ सांगतं. बार्देश तालुक्यातल्या घरासाठी म्हापशाचं कोर्ट गाठा. दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर की वरिष्ठ स्तर, हे दाव्याच्या मूल्यांकनावर ठरतं, म्हणून ते वकिलाकडून आधी नीट करून घ्या.

त्याहून महत्त्वाचं, ताबा मुळात कसा आला ते तपासा. भाटकाराच्या, म्हणजे जमीनमालकाच्या, परवानगीने तुमच्या आजोबांनी घर बांधलं असेल, तर तो ताबा प्रतिकूल नव्हेच. कदाचित तुम्ही मुंडकार, म्हणजे भाटकाराच्या जमिनीवर त्याच्या संमतीने घर करून राहणारे, आहात, आणि १९७५च्या मुंडकार कायद्याखाली तुमची वाट मामलेदाराकडे जाते. हा हक्क अनेकदा जास्त भक्कम असतो. घाईत चुकीचा दावा लावून तो कमकुवत करू नका, ही कळकळीची विनंती.

ताबा खरोखर प्रतिकूल असेल तर तो खासगी जमिनीसाठी १२ वर्षं, सरकारी जमिनीसाठी ३० वर्षं असावा लागतो. एक-चौदाच्या उताऱ्यावर, म्हणजे गोव्यातल्या जमिनीच्या सरकारी नोंदीत, नाव आहे एवढ्याने मालकी सिद्ध होत नाही. घरपट्टी, वीजबिलं जपून ठेवा. २०१९पासून ताबेदार स्वतः वादी होऊनही मालकी मागू शकतो, सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केलंय.